डीएलएल मिसिंगचा मेसेज आलाय? आधी या चुका टाळा

नवीन सॉफ्टवेअर टाकलं, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि समोर मेसेज, अमुक अमुक डीएलएल (डायनॅमिक लिंक लायब्ररी, प्रोग्रॅमला लागणारी कोडची फाइल) सापडली नाही म्हणून प्रोग्रॅम सुरू करता येत नाही, प्रोग्रॅम परत इन्स्टॉल करून बघा. यावर बहुतेक लोक काय करतात तर फाइलचं नाव जसंच्या तसं सर्चमध्ये टाकतात, वरच्याच एखाद्या लिंकवर मोठ्ठं डाउनलोडचं बटण असतं ते दाबतात, झिप उघडतात आणि आतली फाइल उचलून सरळ सिस्टम३२ या विंडोजच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये. मग परत डबल क्लिक करतात आणि कळतं की मेसेज गेलेला नाहीये, नुसता बदललाय.

माझं म्हणणं एवढंच आहे की फाइल शोधत बसू नका, ती कोणाची आहे ते शोधा. डीएलएल आपली आपण येत नाही, तिला कोणीतरी आणलेलं असतं, एकतर विंडोजने, नाहीतर एखाद्या रनटाइम पॅकेजने (बऱ्याच प्रोग्रॅम्सना चालायला लागणाऱ्या फाइल्सचा संच), ड्रायव्हरने किंवा त्या सॉफ्टवेअरच्याच इन्स्टॉलरने. ज्याने आणली त्यालाच ती परत बसवायला लावायची, मध्ये आपण हमाली करायची नाही.

ही फाइल असते तरी काय

आतून बघितलं तर डीएलएल आणि ईएक्सई (डबल क्लिक करून चालवतो ती प्रोग्रॅमची फाइल) एकाच फॉरमॅटच्या, दोन्हीत मशीन कोडच असतो. फरक एवढाच की डीएलएल स्वतःहून चालत नाही, कोणीतरी प्रोग्रॅम तिला मेमरीत लोड करतो आणि आतली फंक्शन्स नावाने बोलावून वापरतो. फाइल सेव्ह करायचा डबा दाखवणं, फोटो उघडणं, आवाज वाजवणं असली कामं प्रत्येक प्रोग्रॅमने नव्याने लिहायची गरज नाही, एकाने लिहिली आणि सगळ्यांनी वापरली, आणि मेमरीतही त्या कोडची एकच प्रत बऱ्याच प्रोग्रॅम्सना पुरते.

खात्री करायची असेल तर कमांड प्रॉम्प्ट उघडा आणि टास्कलिस्ट, मग स्पेस, मग स्लॅश एम असं टाका (अर्थात इंग्रजी अक्षरात). चालू असलेल्या प्रत्येक प्रोग्रॅमपुढे त्याने लोड केलेल्या डीएलएलची यादी येते आणि साधं नोटपॅड घेतलं तरी डझनांनी नावं दिसतात, जवळजवळ सगळीकडे पहिलं नाव एनटीडीएलएल.डीएलएल. ते नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता शेअर्ड म्हटलं की भांडणं आलीच. नव्वदच्या दशकात कुठलाही इन्स्टॉलर यायचा आणि सिस्टम फोल्डरमधली कॉमन फाइल आपल्या जुन्या व्हर्जनने ओव्हरराइट करून जायचा, आणि मग काल चालणारा भलताच प्रोग्रॅम आज बंद. विंडोज २००० पासून सिस्टमच्या फाइल्सना संरक्षण आलं, एक्सपीपासून एकाच डीएलएलची वेगवेगळी व्हर्जन्स शेजारी शेजारी ठेवायची सोय आली, आणि बरेच प्रोग्रॅम आपापली प्रत स्वतःच्या फोल्डरमध्येच घेऊन यायला लागले. पण त्याचाही एक त्रास आहे बरं का, २००४ साली जीडीआयप्लस.डीएलएल मध्ये जेपीईजी फोटो वाचण्याच्या कोडमध्ये सिक्युरिटीचं भोक सापडलं, तेव्हा विंडोज अपडेट करून भागत नव्हतं कारण कितीतरी सॉफ्टवेअर्सनी त्याच फाइलची स्वतःची प्रत पोटात ठेवली होती आणि ती प्रत्येक प्रत वेगळी दुरुस्त करावी लागली.

सुटी डीएलएल डाउनलोड करणं

ही सगळ्यात मोठी चूक म्हणून जरा सविस्तर. डीएलएल म्हणजे चालणारा कोड आहे, वॉलपेपर नाही. अनोळखी साइटवरून आणलेली फाइल तुमच्या प्रोग्रॅमच्या आत, त्याच्याच परवानगीने चालणार, आणि प्रोग्रॅम ॲडमिन म्हणून चालवला तर तीही ॲडमिन. व्हायरसचं राहू द्या, फाइल अगदी स्वच्छ असली तरी ती कुठल्या व्हर्जनची, ३२ बिट की ६४ बिट, याचा पत्ता नसतो. आणि बहुतेक डीएलएलना स्वतःलाच दुसऱ्या डीएलएल लागतात, म्हणून एक टाकली की दुसरीचं नाव येतं, दुसरी टाकली की तिसरीचं, आणि तासाभराने तुमच्याकडे पाच साइटवरून गोळा केलेल्या पाच वयाच्या फाइल्स एकाच फोल्डरमध्ये नांदत असतात.

त्यातून पुढचा घोळ असा की विंडोज डीएलएल शोधताना साधारणपणे आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतं, मग सिस्टम३२, मग विंडोजचं फोल्डर, आणि शेवटी पाथमध्ये (विंडोजच्या सेटिंगमधली फोल्डर्सची यादी) दिलेली फोल्डर्स. म्हणजे तुम्ही ईएक्सईच्या शेजारी चुकीची फाइल टाकून ठेवली असेल तर नंतर खरं पॅकेज इन्स्टॉल केलं तरी प्रोग्रॅम आधी तुमचीच फाइल उचलणार, आणि तुम्ही म्हणणार की मी तर सगळं ऑफिशियल टाकलं तरी चालत नाही. तेव्हा आधी हाताने टाकलेल्या फाइल्स काढा, मगच पुढे जा. कुठल्या टाकल्या ते आठवत नसेल तर फोल्डर तारखेप्रमाणे लावून बघा, आणि फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचरचा टॅब आहे का तेही बघा. सगळ्याच खऱ्या फाइल्सवर तो दिसतो असं नाही, पण मायक्रोसॉफ्टच्या रनटाइमची म्हणवणारी फाइल असेल आणि तिच्यावर सही नसेल तर ती ठेवायची नाही.

हाच क्रम डाउनलोड्स फोल्डरलाही लागू आहे. तिथून एखादा सेटअप चालवला तर त्याचं स्वतःचं फोल्डर म्हणजे डाउनलोड्सच झालं ना, मग तिथे पडलेली भलतीच डीएलएल तो उचलू शकतो. हल्ले करणारे हे वापरतात. म्हणून डाउनलोड्समध्ये कधी आपोआप एखादी डीएलएल येऊन पडलेली दिसली तर कुतूहल न दाखवता डिलीट करा.

नावावरून मालक कसा ओळखायचा

एमएसव्हीसीपी किंवा एमएसव्हीसीआर असं नाव आणि पुढे आकडा, हे दिसलं की समजायचं व्हिज्युअल सी++ चं रिडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज पाहिजे, म्हणजे त्या भाषेत लिहिलेल्या प्रोग्रॅम्सना लागणाऱ्या डीएलएलचा मायक्रोसॉफ्टने दिलेला संच. १०० म्हणजे २०१० चं पॅकेज, ११० म्हणजे २०१२ चं, १२० म्हणजे २०१३ चं. १४० असेल, म्हणजे एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४०, तर २०१५ पासून पुढचं एकत्र पॅकेज, ते मायक्रोसॉफ्टच्या साइटवर फुकट मिळतं. यात एक गंमत आहे, व्हीसीरनटाइम१४०_१ नावाची फाइल २०१९ च्या व्हर्जनबरोबर आली, त्यामुळे लोक म्हणतात की पॅकेज तर आहे माझ्याकडे तरी मिसिंग कसं दाखवतंय, तर तुमच्याकडे आहे ते २०१५ किंवा २०१७ चं जुनं आहे, त्याच्यावरच नवीन टाका, जुनं काढायचीही गरज नाही.

एपीआय-एमएस-विन-सीआरटी असं लांबलचक नाव आलं तर ते युनिव्हर्सल सीआरटीचं, म्हणजे सी भाषेच्या कॉमन लायब्ररीचं प्रकरण. विंडोज १० पासून ते विंडोजमध्येच असतं, म्हणून हा मेसेज जास्त करून जुन्या विंडोज ७ किंवा ८.१ वर दिसतो आणि तिथे अपडेट्स राहिलेले असतात.

डी३डीएक्स९_४३ किंवा एक्सइनपुट१_३ म्हणजे जुने गेम. त्यांना डायरेक्टएक्सच्या, म्हणजे गेमच्या ग्राफिक्स-आवाजासाठीच्या मायक्रोसॉफ्टच्या लायब्ररीज लागतात. इथे लोक भांडतात की माझ्याकडे डायरेक्टएक्स १२ आहे, मग ९ चं का मागतंय? तर मोठा आकडा आहे म्हणून लहान आकड्याच्या फाइल्स त्यात असतीलच असं नाही. या जास्तीच्या लायब्ररीज विंडोजबरोबर येत नाहीत, त्यासाठी जून २०१० चं डायरेक्टएक्स एंड युजर रनटाइम नावाचं पॅकेज आहे, ते टाकलं की काम झालं, आणि त्याने तुमच्या डायरेक्टएक्स १२ ला धक्का लागत नाही.

एमएफप्लॅट.डीएलएल मिसिंग असेल तर तुमचं विंडोज एन एडिशन आहे का बघा. त्यात मीडियाचे भाग मुद्दाम काढलेले असतात, ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक टाका.

आणि नावाच्या शेवटी जास्तीचा डी असेल, म्हणजे एमएसव्हीसीपी१४०डी, व्हीसीरनटाइम१४०डी, यूसीआरटीबेस्डी, तर हात थांबवा. ही डीबग व्हर्जनची, म्हणजे प्रोग्रॅम लिहिताना चुका शोधायला वापरतात ती फाइल आहे, ती कुठल्याच रिडिस्ट्रिब्युटेबलमध्ये मिळणार नाही कारण ती लोकांना वाटायचीच नसते. प्रोग्रॅम लिहिणाऱ्याने चुकून डीबग बिल्ड पाठवलाय, त्याला सांगा रिलीज बिल्ड दे म्हणून. इथे तुमच्या कॉम्प्युटरचा काडीचाही दोष नाही.

६४ बिट विंडोज आहे म्हणून फक्त ६४ बिट पॅकेज टाकणं

हे फार होतं. पॅकेज विंडोज किती बिटचं आहे यावर ठरत नाही, प्रोग्रॅम किती बिटचा आहे यावर ठरतं. ३२ बिट प्रोग्रॅमला ३२ बिटच डीएलएल लागते, ६४ बिटची कितीही नवीकोरी दिली तरी तो घेत नाही. म्हणून साध्या ६४ बिट मशीनवर एक्स८६ (म्हणजे ३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही पॅकेज टाकायची, विचार करत बसायचं नाही. कुठला चालू प्रोग्रॅम किती बिटचा हे बघायचं असेल तर मघाच्याच टास्कलिस्टच्या यादीत त्याच्यापुढे वाव६४.डीएलएल दिसते का बघा, दिसली तर तो ३२ बिट.

आणि फोल्डरच्या नावांनी तर कहर केलाय. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ मध्ये असतात ६४ बिटच्या फाइल्स, आणि सिसवाव६४ मध्ये असतात ३२ बिटच्या. उलट वाटतं पण तसंच आहे, कारण असंख्य प्रोग्रॅम्समध्ये सिस्टम३२ हे नाव कोडमध्येच लिहिलेलं होतं, ते बदललं असतं तर सगळंच कोसळलं असतं. वर आणखी एक, ३२ बिट प्रोग्रॅमने सिस्टम३२ उघडायला सांगितलं तर विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४ दाखवतं. त्यामुळे कोणी जुन्या ३२ बिट फाइल मॅनेजरने फाइल सिस्टम३२ मध्ये टाकली असेल तर ती प्रत्यक्षात तिथे नसतेच, आणि हा माणूस शोधत बसतो की गेली कुठे.

मेसेजमध्ये फाइल मिसिंग असं न येता ०एक्ससी०००००७बी असा कोड आला तर बहुतेक वेळा हीच ३२-६४ ची सरमिसळ असते, फाइल सापडली पण चुकीच्या जातीची निघाली. आणि प्रोसीजर एंट्री पॉइंट सापडला नाही असं आलं तर फाइल आहे, बिटही बरोबर आहे, पण व्हर्जन जुळत नाही, प्रोग्रॅमला हवं ते फंक्शन तिच्यात नाही. तिन्ही मेसेज वेगळे आहेत आणि तिन्हींचा इलाज वेगळा, म्हणून डीएलएलचा एरर येतोय एवढंच सांगून कोणाला मदत मागू नका, त्याला काहीच कळणार नाही.

मिसिंग नसतानाच मिसिंग

कधी कधी फाइल कुठेच गेलेली नसते, आपणच तिच्यापासून लांब गेलेलो असतो. झिप फाइल उघडली आणि एक्स्ट्रॅक्ट न करता आतूनच ईएक्सईवर डबल क्लिक केलं, तर विंडोज तेवढीच एक ईएक्सई टेम्प फोल्डरमध्ये काढून चालवतं, शेजारच्या डीएलएल झिपमध्येच राहतात, आणि मेसेज येतो मिसिंगचा. आधी पूर्ण एक्स्ट्रॅक्ट करा. तसंच काही जण प्रोग्रॅमच्या फोल्डरमधून ईएक्सई उचलून डेस्कटॉपवर ठेवतात. शॉर्टकट करायचा असतो हो, मूळ फाइल हलवायची नसते.

अँटीव्हायरसने फाइल क्वारंटाइनमध्ये टाकलेली असणं हेही नेहमीचंच, रिइन्स्टॉल केलं की एकदा चालतं आणि परत मिसिंग, असं होत असेल तर आधी अँटीव्हायरसची हिस्टरी उघडा. फक्त क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरची डीएलएल उडवली असेल तर अँटीव्हायरसला शिव्या देऊ नका, तो बरोबर असायची शक्यता जास्त.

फाइल डोळ्यांसमोर दिसतेय तरी एरर १२६ येतो, मॉड्यूल सापडलं नाही म्हणून, यात तर प्रोग्रॅमिंगवाले पण फसतात. १२६ चा अर्थ तुम्ही मागितलेली डीएलएल नाही असाच होतो असं नाही, तिला स्वतःला लागणारी दुसरी एखादी डीएलएल नसेल तरी हाच नंबर येतो, आणि मेसेजमध्ये नाव मात्र पहिलीचंच. अशा वेळी सिसइंटर्नल्स या मायक्रोसॉफ्टच्या टूल्सपैकी प्रोसेस मॉनिटर लावा (प्रोग्रॅम कुठल्या फाइल्स उघडतोय ते दाखवणारं), प्रोसेसचं नाव आणि पाथ डीएलएलने संपतो असा फिल्टर द्या, आणि बघा. नेम नॉट फाउंडच्या ओळी पुष्कळ दिसतील, घाबरू नका, विंडोज एकेका फोल्डरमध्ये शोधत जातं तेव्हा त्या येतातच, ज्या फाइलला शेवटपर्यंत कुठेच सक्सेस आलेलं नाही ती खरी गायब. कुठल्या डीएलएलला कुठली लागते ते दाखवणारं जुनं डिपेंडन्सी वॉकर मात्र आता वापरू नका, नव्या विंडोजवर ते एपीआय-एमएस-विनवाली भरमसाट नावं लाल करून दाखवतं जी प्रत्यक्षात मिसिंग नसतातच. पायथनवाल्यांसाठी अजून एक, विंडोजवर ३.८ पासून मॉड्यूलच्या डीएलएल शोधताना पाथ धरला जात नाही, फोल्डर कोडमध्येच जोडून द्यावं लागतं.

चुकीच्या फाइलवर आळ घेणं

प्रोग्रॅम क्रॅश झाला, इव्हेंट व्ह्यूअर (विंडोजची घडामोडींची नोंदवही) उघडलं, फॉल्टिंग मॉड्यूल, म्हणजे क्रॅश जिथे झाला ती फाइल म्हणून एनटीडीएलएल.डीएलएल लिहिलंय, की चला एनटीडीएलएल बदलायला! मघाशी बघितलं तसं ही फाइल जवळजवळ प्रत्येक प्रोसेसमध्ये असते. कोणीतरी मेमरीत घाण करून ठेवतो आणि ती घाण एनटीडीएलएलच्या हद्दीत फुटते, म्हणून नाव तिचं लागतं. कर्नलबेस आणि यूसीआरटीबेसचंही तेच. ती फाइल खरंच खराब असती तर तुमचं विंडोज इव्हेंट व्ह्यूअर उघडण्यापर्यंत पोचलंच नसतं. त्या क्रॅश झालेल्या प्रोग्रॅमचं अपडेट बघा, त्याचे प्लगइन काढून बघा, ग्राफिक्स ड्रायव्हर बघा, आणि क्रॅश सगळ्याच प्रोग्रॅममध्ये आलटून पालटून होत असतील तर रॅम तपासा.

दुसरा असाच प्रकार, कॉम्प्युटर सुरू झाला की रनडीएलएलचा (डीएलएल चालवणारा विंडोजचा प्रोग्रॅम) डबा येतो, अमुक मॉड्यूल सापडलं नाही, आणि फाइलचं नाव काहीतरी विचित्र, पाथ ॲपडेटामधला. ही फाइल शोधून परत आणू नका! बहुतेक वेळा अँटीव्हायरसने किंवा अनइन्स्टॉलरने डीएलएल काढून टाकलेली असते पण स्टार्टअपमधली नोंद तशीच राहिलेली असते, विंडोज बिचारं रोज सकाळी ती चालवायला जातं. टास्क शेड्यूलर किंवा ऑटोरन्समध्ये (आपोआप सुरू होणाऱ्या गोष्टींची यादी दाखवणारं मायक्रोसॉफ्टचं टूल) जाऊन ती नोंद बंद करा, झालं.

इंटरनेटवरचे रामबाण उपाय

रेगएसव्हीआर३२ चालवा हा सल्ला सगळीकडे चिकटवलेला दिसतो. ही कमांड फक्त ज्या डीएलएलमध्ये स्वतःला रजिस्टर करायचं फंक्शन असतं त्यांच्यासाठी आहे, म्हणजे कॉम प्रकारच्या (ज्यांची नोंद विंडोजच्या रजिस्ट्रीत ठेवावी लागते अशा). एमएसव्हीसीपी१४० वर चालवली तर एंट्री पॉइंट सापडला नाही असंच सांगणार, आणि त्यात बिघडलंय असं काही नाही, तिथे ते फंक्शन नसतंच मुळी.

एसएफसी स्कॅननाऊ (सिस्टमच्या फाइल्स तपासायची विंडोजची कमांड) हा उपाय चांगला आहे पण कशासाठी ते कळलं पाहिजे. तो विंडोजच्या स्वतःच्या फाइल्स दुरुस्त करतो, तुमच्या गेमच्या किंवा व्हिज्युअल सी++ पॅकेजच्या नाही. सिस्टमच्याच फाइलबद्दल तक्रार असेल तर ॲडमिन कमांड प्रॉम्प्टमध्ये आधी डिझम या विंडोजच्याच दुसऱ्या कमांडचं रिस्टोअरहेल्थ चालवा आणि मग एसएफसी, कारण एसएफसी ज्या साठ्यातून चांगली प्रत घेतं तो साठा डिझम दुरुस्त करतं.

एका डीएलएलचं नाव बदलून दुसरी म्हणून वापरणं, ११० ला १२० करणं वगैरे, याबद्दल जास्त लिहीत नाही, करू नका.

साफसफाईची हौस असलेल्यांसाठी दोन गोष्टी. इन्स्टॉल्ड ॲप्सच्या यादीत व्हिज्युअल सी++ च्या दहा-बारा नोंदी दिसतात, २००५, २००८, २०१०, प्रत्येकाची एक्स८६ आणि एक्स६४, आणि लोक म्हणतात एवढं कशाला पाहिजे, एक नवीन ठेवतो बाकी उडवतो. उडवू नका, २०१३ पर्यंतची प्रत्येक वेगळी आहे, नवीन पॅकेज जुन्याची जागा घेत नाही, आणि जागा म्हणाल तर ती फार काही वाचणार नाही. विंडोज आपल्या फाइल्सचा साठा जिथे ठेवतं त्या विनएसएक्सएस फोल्डरचंही तसंच, साइझ बघून डोळे पांढरे होतात पण त्यातल्या बऱ्याच फाइल्स हार्ड लिंक आहेत, म्हणजे तीच फाइल सिस्टम३२ मध्ये आणि इथे अशी दोनदा मोजली जाते. हाताने डिलीट केलं तर विंडोज अपडेट कायमचं रुसू शकतं. जागाच हवी असेल तर डिस्क क्लीनअप किंवा डिझमचं कॉम्पोनंट क्लीनअप वापरा. आणि जुना अनइन्स्टॉलर ही शेअर्ड फाइल आता कोणी वापरत नाही, काढू का असं विचारतो तेव्हा नाही म्हणायचं. डीएलएल फिक्सर नावाने विकली जाणारी सॉफ्टवेअर्स घेऊच नका, वर लिहिलेली सगळी पॅकेजेस फुकट आहेत.

एवढं करूनही अडलात आणि कोणाला विचारायचं ठरवलं, तर स्क्रीनचा मोबाइलने तिरका फोटो काढू नका. एररचा डबा समोर असताना कंट्रोल सी दाबा, विंडोजच्या नेहमीच्या मेसेज बॉक्समधला अख्खा मजकूर कॉपी होतो, तो पेस्ट करा, आणि सोबत प्रोग्रॅमचं नाव आणि व्हर्जन, विंडोजचं व्हर्जन, आणि त्याआधी हाताने कुठे कुठल्या फाइल्स टाकल्यात ते लिहा, शेवटचं तर नक्की लिहा कारण नेमकं तेच कोणी सांगत नाही.